कामी-इगुसाची कट-बॅग: पश्चिम टोकियोतल्या अ‍ॅनिमे धंद्याचा पैसा मुरतो कुठे?

टोकियोच्या सुगिनामी वॉर्डात, सेइबु शिंजुकु रेल्वेमार्गावर कामी-इगुसा हे छोटंसं स्टेशन आहे. बाहेर आलं की गुंडाम या यंत्रमानवाचा ब्राँझचा पुतळा समोर येतो. तो २००८ साली बसवला. तेवढा सोडला तर आजूबाजूला कुठल्याही निवासी वस्तीत दिसेल तेच दिसतं: अरुंद गल्ल्या, दुमजली घरं, सायकलींच्या रांगा. गुंडाम घडवणारी सनराइज कंपनी कित्येक दशकं याच परिसरात होती.

जपानी अ‍ॅनिमेशन संघटनेच्या २०२० च्या गणनेत देशभरात ८११ अ‍ॅनिमेशन निर्मिती कंपन्या निघाल्या. त्यांतल्या ६९२ टोकियोत होत्या. टोकियोतही एकट्या सुगिनामीत १४९ आणि लागूनच असलेल्या नेरिमात १०३. याच संघटनेच्या हिशेबाने अ‍ॅनिमेचा एकूण बाजार २००२ मध्ये एक लाख कोटी येनच्या थोडा वर होता, तो २०२३ मध्ये ३ लाख ३४ हजार ६५० कोटींवर गेला. त्यातला निम्म्याहून जास्त पैसा परदेशातून आला. म्हणजे वीस-एकवीस वर्षांत तिप्पट वाढ, आणि तीही जपानची बाकी अर्थव्यवस्था जागच्या जागी घुटमळत असताना.

हा आकडा मात्र प्रेक्षकाने मोजलेल्या पैशाचा आहे. तिकीट, स्ट्रीमिंगची वर्गणी, खेळणी, टी-शर्ट, पाचिंको या जुगारासारख्या खेळाची यंत्रं, गाण्यांचे कार्यक्रम असं सगळं त्यात धरलेलं असतं. चित्रं काढणाऱ्या स्टुडिओंच्या खात्यात त्यातलं किती पडतं, याची मोजणी वेगळी होते. मोजणाऱ्यागणिक आकडा थोडा हलतो, पण ढोबळमानाने तो दहावा ते आठवा हिस्सा भरतो. जिथे पिकतं तिथे विकत नाही म्हणतात, ते इथे अक्षरशः खरं आहे. हे कसं घडलं ते नीट पाहण्यासारखं आहे.

स्टुडिओ इथेच का साचले

१९५६ मध्ये तोएई या चित्रपट कंपनीने एक लहान अ‍ॅनिमेशन कंपनी विकत घेतली आणि नेरिमातल्या ओइझुमीला, जिथे तिचा चित्रपटांचा स्टुडिओ आधीपासून होता, तिथे तोएई दोगा उभी केली. जपानचा पहिला रंगीत, पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट १९५८ मध्ये तिथूनच बाहेर पडला. मग मांगाकार, म्हणजे जपानी चित्रकथाकार, तेझुका ओसामु यांनी नेरिमातच, फुजिमिदाई इथे मुशी प्रॉडक्शन काढलं आणि १ जानेवारी १९६३ पासून ‘तेत्सुवान आतोमु’ ही अर्ध्या तासाची मालिका दर आठवड्याला टीव्हीवर यायला लागली.

दर आठवड्याला अर्धा तास भरायचा तर सिनेमाची पद्धत परवडणार नव्हती. म्हणून एक चित्र तीन फ्रेम धरून ठेवायचं, सेकंदाला २४ ऐवजी ८ चित्रांत भागवायचं, उडण्या-धावण्याची जुनी सेल, म्हणजे पारदर्शक फिल्मवर रंगवलेली चित्रं, जपून पुन्हा पुन्हा वापरायची, बोलताना फक्त ओठ हलवायचे. एवढी काटकसर करूनही वाहिनीला मालिका विकली ती खर्चापेक्षा कमी भावात. तूट भरून निघाली मेइजी कंपनीच्या चॉकलेटसोबत मिळणाऱ्या आतोमुच्या स्टिकरांतून, खेळण्यांच्या परवान्यांतून आणि अमेरिकेला केलेल्या विक्रीतून. पडद्यावर तोटा खायचा आणि वस्तूंवर कमवायचं, हा पायंडा तिथे पडला. आजच्या सगळ्या दुखण्यांचं खापर तेझुकांच्या माथी फोडायची एक फॅशन आहे. ते पटण्यासारखं नाही. तेझुकांकडे निदान पात्राचे हक्क तरी होते. वस्तूंचा पैसा त्यांच्या घरात परत येत होता. नंतरच्या स्टुडिओंनी पडेल भाव तेवढा वारशाने घेतला, हक्क दुसऱ्यांकडे राहिले.

१९७३ मध्ये मुशी प्रॉडक्शनचं दिवाळं निघालं. त्याच्या आगेमागे तिथली माणसं बाहेर पडली होती. सनराइज आणि मॅडहाउस दोन्ही १९७२ च्या. ही माणसं आसपासच्या स्वस्त भाड्याच्या खोल्यांत राहत होती, तिथेच त्यांनी टेबलं मांडली. या धंद्याला ना भट्टी लागते, ना गोदाम, ना रस्त्यावरची दर्शनी जागा. एखाद्या इमारतीचा दुसरा मजला, खालून दिवा लागणारी टेबलं आणि कागद ठेवायची कपाटं असली की स्टुडिओ झाला.

पण एकदा आल्यावर ते इथेच चिकटून राहिले याचं कारण निराळं आहे, आणि ते एका कागदी पाकिटात सापडतं.

अ‍ॅनिमेचा एक शॉट म्हणजे एक ‘कट’. प्रत्येक कटचे कागद एका मोठ्या पाकिटात राहतात, ती कट-बॅग. पाकिटावर मालिकेचं नाव, भागाचा क्रमांक, कटचा क्रमांक आणि लांबी लिहिलेली असते. लांबी लिहायची रीत ‘३+१२’ अशी, म्हणजे तीन सेकंद आणि बारा फ्रेम. आत तीन भोकं पाडलेले कागद. ही भोकं टेबलावरच्या ‘ताप’ नावाच्या खुंट्यांच्या पट्टीत बसतात, त्यामुळे एकावर एक ठेवलेली चित्रं तसूभरही सरकत नाहीत. सोबत टाइमशीट: एका पानावर सहा सेकंद, म्हणजे १४४ ओळी, आणि कुठलं चित्र कुठल्या फ्रेमला यायचं त्याची नोंद. दिग्दर्शकाची किंवा चित्र-पर्यवेक्षकाची दुरुस्ती रंगीत पातळ कागदावर येते, म्हणजे कोणाचा हात कुठे फिरला ते पाकीट उघडताक्षणी कळतं.

हे पाकीट एका भागाच्या प्रवासात कितीतरी हातांतून जातं, आणि ते हात एका छपराखाली नसतात. मुख्य चित्रं काढणारा फ्रीलान्सर सुगिनामीतल्या आसागायात घरी बसलेला, मधली चित्रं करणारा स्टुडिओ नेरिमात, रंगकाम आणखी तिसरीकडे. पश्चिम टोकियोतले तीन रेल्वेमार्ग, सेइबु इकेबुकुरो, सेइबु शिंजुकु आणि चुओ, साधारण समांतर पूर्व-पश्चिम धावतात. एका मार्गावरून दुसऱ्यावर जायचं तर रेल्वेने बऱ्याचदा शहराकडे जाऊन परत यावं लागतं. मोटारीने मात्र कान्नाना किंवा कान्पाची या वर्तुळाकार रस्त्यांवरून रात्री वीस-पंचवीस मिनिटांत काम होतं. म्हणून प्रत्येक स्टुडिओत ‘सेइसाकु शिंको’ नावाचा पोरसवदा कर्मचारी असतो. रात्री-अपरात्री गाडी काढून पाकिटं गोळा करणं, पोचवणं आणि न झालेल्या कटसाठी चित्रकाराच्या दाराशी तगादा लावणं हे त्याचं काम. गाडीने तासाभराच्या आत जो येतो तोच धंद्यात टिकतो. सुगिनामी आणि नेरिमाची दाटी ही या तासाभराची दाटी आहे. आता बरंचसं काम टॅबलेटवर होतं, फाइल इंटरनेटने जाते, काही स्टुडिओ टोकियोबाहेरही निघाले आहेत. तरी वस्ती फारशी विस्कटलेली नाही, कारण कोणाचा हात कसा आहे आणि कोण या महिन्यात रिकामं आहे ही माहिती अजून इथेच फिरते.

एका भागाचा हिशेब

चोवीस मिनिटांच्या भागातून सुरुवातीचं आणि शेवटचं गाणं वगळलं की एकवीस मिनिटं उरतात. त्यात साधारण ३०० कट, म्हणजे सरासरी चार सेकंदांचा एक. फ्रेम मोजल्या तर तीस हजारांच्या वर. तीन फ्रेमना एक चित्र धरलं तर दहा हजार चित्रं लागायला हवीत, पण स्थिर चेहरे, सरकणारी पार्श्वभूमी आणि फक्त ओठ हलणारे प्रसंग यांच्या जोरावर हे काम तीन ते पाच हजार चित्रांत उरकतं. मारामारीचा भाग असेल तर संख्या वर जाते.

काम पायरीपायरीने उतरतं. पटकथा, मग ‘एकोंते’ म्हणजे चित्रांत मांडलेला भागाचा आराखडा. मग प्रत्येक कटची मांडणी आणि ‘गेंगा’, म्हणजे हालचालीच्या कळीच्या क्षणांची चित्रं. ती ‘साकुगा कांतोकु’ तपासतो, बोलीत ‘साक्कान’. चेहरे घसरले असतील तर तोच पुन्हा काढतो. मग ‘दोगा’: गेंगांच्या मधली चित्रं, आणि गेंगांच्या रेषा स्वच्छ करणं. शेवटी रंग, पार्श्वभूमी, आणि सगळं एकत्र बसवणारी ‘सात्सुएई’.

दोगाची मजुरी नगावर मिळते. वर्षानुवर्षं दर एका चित्राला दोनशे येनच्या आसपास राहिला, आता काही ठिकाणी अडीचशे-तीनशे. शिकाऊ माणूस महिन्याला पाचशे चित्रं काढू शकला तर तो बरा म्हणायचा. पाचशे गुणिले दोनशे म्हणजे एक लाख येन. टोकियोत खोलीचं भाडं दिलं की त्यातून जेवणापुरतं उरतं, तेही घरून पैसे येत असतील तर. अ‍ॅनिमेटरांच्या संघटनेच्या २०१९ च्या पाहणीत २० ते २४ वयोगटाचं सरासरी वार्षिक उत्पन्न सुमारे १५ लाख ५० हजार येन निघालं. सगळ्या वयांचं मिळून ४४ लाखांच्या घरात. २०२३ मध्ये स्थापन झालेल्या नाफ्का या संस्थेने त्याच वर्षी क्षेत्रातल्या लोकांना विचारलं, तेव्हा महिन्याला सरासरी २१९ तास काम आणि ताशी कमाईचा मध्यांक १,१११ येन आला. टोकियोतलं किमान वेतन तेव्हा ताशी १,११३ येन होतं. दोन येनचा फरक, आणि तो उलट बाजूने.

इचलकरंजीत मजुरीवर माग चालवणाऱ्याला हे समजावून सांगावं लागणार नाही. सूत व्यापाऱ्याचं, कापड व्यापाऱ्याचं, आपल्याकडे फक्त माग आणि पिकामागे, म्हणजे आडव्या धाग्यामागे, मजुरी.

समिती

आता वरच्या बाजूचं बघू. १९८०च्या दशकात चित्रपटांत आणि १९९०नंतर टीव्हीवर रुळलेली पद्धत म्हणजे ‘सेइसाकु इइंकाई’, निर्मिती समिती. कायद्याच्या भाषेत ती नागरी संहितेखालची भागीदारी असते. मांगाचा प्रकाशक, व्हिडिओ किंवा संगीत कंपनी, वाहिनी, जाहिरात संस्था, खेळणी बनवणारा असे पाच-सात जण पैसे घालतात. मध्यरात्रीनंतरच्या मालिकांत वाहिनी पैसे देत नाही, उलट समितीच वाहिनीकडून वेळ विकत घेते. मालिका म्हणजे पुढच्या विक्रीची लांबलचक जाहिरात.

हिशेब समजावा म्हणून एक कल्पित उदाहरण घेऊ. बारा भाग, प्रत्येकी अडीच कोटी येन, एकूण ३० कोटी. हे पैसे समिती स्टुडिओला ठरलेल्या हप्त्यांत देते. प्रत्येक सदस्याकडे एकेक ‘मादोगुची’, खिडकी: एकाकडे परदेशी स्ट्रीमिंग, एकाकडे वस्तू, एकाकडे संगीत. समजा परदेशी स्ट्रीमिंगचे २० कोटी आले. ज्याची खिडकी, तो आधी आपली दलाली कापतो; २० टक्के धरली तर ४ कोटी. उरलेले १६ कोटी हिश्श्यांप्रमाणे वाटले जातात. खिडकी सांभाळणाऱ्याला दलालीही मिळाली आणि हिस्साही. दहा टक्के हिस्सा असलेल्याला १ कोटी ६० लाख. स्टुडिओचा हिस्सा शून्य असेल तर शून्य. मालिका जगभर गाजली तरी शून्यच, आणि काम लांबून ३० कोटींऐवजी ३२ खर्च झाले तर वरचे दोन स्टुडिओच्या बोडक्यावर.

मग स्टुडिओ हिस्सा का घेत नाही? त्या दहा टक्क्यांसाठी आधी ३ कोटी रोख मोजावे लागतात, आणि परतावा यायला दोन वर्षं लागतात. यायचा तर. ज्या घरात पुढच्या महिन्याचे पगार चालू कामाच्या हप्त्यावर निघतात तिथे ३ कोटी पडून नसतात. चित्रांच्या तारणावर बँक कर्ज देत नाही. समिती ही काही लुटारूंची टोळी नाही, हेही म्हटलं पाहिजे. बहुतेक मालिका बुडतात, आणि बुडाल्यावर स्टुडिओचे पैसे बुडत नाहीत ते समितीमुळेच. जोखीम ज्याची, नफा त्याचा. भूमिका रास्त आहे. अडचण एवढीच, की जोखीम न घेता जी मजुरी मिळते तीही माणसं टिकवण्याइतकी नसते.

भूगोलही यात उमटतो. समितीतल्या मोठ्या कंपन्यांची कार्यालयं शहराच्या मध्यभागी, चियोदा आणि मिनातो वॉर्डांत. काम सुगिनामीत होतं, हक्कांचा पैसा तिकडे जमा होतो.

२०१५ नंतरचा पूर

नेटफ्लिक्स २०१५ मध्ये जपानात आलं आणि २०१८ मध्ये त्याने प्रॉडक्शन आय.जी. आणि बोन्स या स्टुडिओंशी थेट करार केले. सोनीने २०२१ मध्ये क्रंचीरोल ही स्ट्रीमिंग सेवा जवळपास १२० कोटी डॉलरला घेतली. मागणी इतकी वाढली की चांगल्या स्टुडिओंचं वेळापत्रक दोन-तीन वर्षं आधी भरू लागलं. पैसा स्टुडिओंपर्यंत आलाच नाही असं नाही. तो आला, पण वरच्या पायरीवर थांबला. ज्याचा हात चालतो त्या गेंगाकाराला दुसऱ्याने पळवू नये म्हणून स्टुडिओ आता दरमहा ‘कोसोकुही’ देतात, बांधून ठेवायचे पैसे, कटच्या दराव्यतिरिक्त. दोगाकाराला कोणी बांधून ठेवत नाही.

आणि इथे खरी मोडतोड सुरू होते. दोगा ही नुसती मजुरी नसून शाळा आहे. हजारो चित्रं दुसऱ्याच्या रेषेवरून काढल्यावर वजन, वेग आणि कापडाची सळसळ हातात उतरते. मग माणूस गेंगाला चढतो. तोएईने १९७०च्या दशकातच काम कोरियाला आणि नंतर फिलिपिन्सला द्यायला सुरुवात केली होती. आज दोगा आणि रंगकामाचा मोठा भाग चीन, कोरिया, व्हिएतनामला जातो. तिथले स्टुडिओ घाईच्या कामात एका रात्रीत शेकडो चित्रं परत करतात. टोकियोत तेवढे हात एकत्र मिळत नाहीत. स्वस्त पडतं हे कारण तर आता जवळपास संपलंय.

परिणाम दोन-तीन मालिकांनंतर दिसतो. इथे शाळेच्या पायऱ्याच गेल्याने कच्चे चित्रकार थेट गेंगाला बसतात. त्यांचे चेहरे घसरतात, साक्कानला कट दुरुस्त करण्याऐवजी मुळापासून काढावे लागतात, एका माणसाला ते झेपत नाही म्हणून दुसरा, तिसरा, दहावा साक्कान बोलावला जातो. प्रेक्षकाला हे ओळखायची सोपी खूण आहे. भागाच्या शेवटी श्रेयनामावलीत साक्कानांची नावं मोजावीत. दोन-तीन असतील तर घर जाग्यावर आहे. पंधरा-वीस दिसली तर बहुधा पाकिटं शेवटच्या आठवड्यापर्यंत फिरत होती. त्याही पुढची पायरी म्हणजे मध्येच आलेला ‘मागील भागांचा आढावा’, किंवा थेट पुढे ढकललेलं प्रक्षेपण.

काय करून पाहिलं

सर्वांत ठोस उपाय हिस्सा घेण्याचा. २०२० मध्ये आलेल्या आणि जपानात ४,००० कोटी येनचा गल्ला ओलांडणाऱ्या ‘किमेत्सु नो याइबा’च्या चित्रपटामागे फक्त तीन नावं होती: सोनीची अ‍ॅनिमे कंपनी अ‍ॅनिप्लेक्स, मांगाचा प्रकाशक शूएइशा आणि खुद्द युफोटेबल हा स्टुडिओ. वाहिनी नाही, खेळणीवाला नाही. मापा या स्टुडिओने २०२२ ची ‘चेनसॉ मॅन’ मालिका तर समितीशिवाय, सगळे पैसे स्वतः घालून काढली. दोन्ही उदाहरणं वारंवार दिली जातात, पण ती आधीच नाव आणि गंगाजळी कमावलेल्या घरांची आहेत. वीस माणसांच्या दोगा-स्टुडिओला त्यातून उचलण्यासारखं फार थोडं आहे.

दुसरा मार्ग विलीनीकरणाचा. सनराइज १९९४ मध्येच खेळणी बनवणाऱ्या बांदाईच्या छत्राखाली गेली; सायन्स सारू हा स्टुडिओ २०२४ मध्ये तोहो या चित्रपट कंपनीने घेतला. हक्कवाला आणि चित्रकार एका घरात आले की पगारी नोकऱ्या आणि शिकवणी शक्य होते. स्वतंत्रपणा जातो. आमच्या मते सध्याच्या घडीला हा सौदा वाईट नाही.

सरकारी प्रयत्नांत एक खरोखर जमलेला होता. सांस्कृतिक व्यवहार संस्थेने २०१० पासून तरुण अ‍ॅनिमेटरांसाठी योजना काढली: दरवर्षी चार स्टुडिओ, प्रत्येकी ३ कोटी ८० लाख येन, अर्ध्या तासाचा एकेक लघुपट. अट अशी, की दोगा परदेशी पाठवायचा नाही, नवोदितांनी इथेच, ज्येष्ठांच्या शेजारी बसून काढायचा. नेमकी दुखरी जागा ओळखलेली अट. फक्त वर्षाला चार स्टुडिओ.

टोकियो महानगर सरकारचा कल मात्र दाखवण्याकडे राहिला. २००२ पासून त्यांनी मोठा अ‍ॅनिमे मेळा भरवला. पण डिसेंबर २०१० मध्ये किशोरांना अश्लील मांगा आणि अ‍ॅनिमे विकण्यावर बंधनं घालणारा अध्यादेश कडक केल्यावर मोठ्या मांगा प्रकाशकांनी त्याच मेळ्यावर बहिष्कार टाकला. एका हाताने मंडप घालायचा, दुसऱ्याने दोर कापायचा. २०११ चा मेळा शेवटी भूकंपामुळे झालाच नाही, आणि २०१४ पासून उद्योगाने चालवलेला अ‍ॅनिमेजपान त्याच्या जागी आला. ऑक्टोबर २०२३ मध्ये महानगर सरकारने इकेबुकुरोत प्रदर्शन केंद्र उघडलं. सुगिनामीचं संग्रहालय त्याहून जुनं, फुकट आणि छान आहे. या सगळ्यांनी पर्यटक येतात. दोगाकार येत नाही.

नोव्हेंबर २०२४ पासून फ्रीलान्सरांसाठीचा कायदा लागू झाला. कामाच्या अटी लेखी द्यायच्या, काम पोचल्यापासून साठ दिवसांत पैसे द्यायचे. पाकीट आधी आणि दर मागाहून, अशी सवय लागलेल्या धंद्यात हा मोठा बदल आहे. जानेवारी २०२५ मध्ये स्पर्धा आयोगाने चित्रपट आणि अ‍ॅनिमेच्या कामाच्या व्यवहारांची पाहणीही हाती घेतली. सलग चालणाऱ्या कामात नेहमीच्या बाजारभावापेक्षा फारच कमी दर लावायला फ्रीलान्सरांसाठीचा हा कायदा मनाई करतो. दोगाचा नेहमीचा बाजारभाव दोनशे ते तीनशे येन आहे.